वर्षावासात वाचायला गोष्टींची पुस्तकं सुचवा (धम्म पण यावा, पोरं पण बसावीत)

भोकरदनकर:
सर्वांना जय भीम. आमच्या विहारात दरवर्षी वर्षावासात, म्हणजे आषाढ पौर्णिमेपासून आश्विन पौर्णिमेपर्यंत रोज संध्याकाळी ग्रंथवाचन असतं, बाबासाहेबांचा 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' लावलेला असतो. यंदा वाचायचं काम माझ्याकडं आलंय. मोठी माणसं बसतात, बाया तर शेतातून आल्या की हातपाय धुऊन सरळ विहारातच येतात, पण पोरं त्रिसरण पंचशील झालं की मागच्या मागं पसार. एकाला धरून विचारलं का रे बाबा, तर म्हणला गोष्ट असली तर बसतो.

म्हणून पुस्तकं शोधायला निघालो तर बाजारात दोनच प्रकार दिसायलेत. एक म्हणजे चकचकीत चित्रांच्या 'जातककथा', म्हणजे बुद्धाच्या मागच्या जन्मांच्या गोष्टी, त्यात ससा माकड मगर, शेवटी चौकटीत तात्पर्य आणि बुद्धाचा संबंध कव्हरापुरता. दुसरी तत्त्वज्ञानाची जाड पुस्तकं, पहिल्या पानावरच प्रतीत्यसमुत्पादाच्या बारा कड्या, मलाच झोप येती तर पोरांना काय वाचून दाखवू. मला या दोन्हीच्या मधलं पाहिजे. मराठी असलं तर उत्तम, हिंदी चालंल, इंग्रजी असलं तर रोज रात्री मराठी करत बसावं लागंल.

पीडीएफ_आहे_का:
मधलं पाहिजे म्हणजे मध्यम मार्ग म्हणा की सरळ 😀
आणि हो, पीडीएफ आहे का?

रद्दीतला_राजा:
दादा, जातकच पाहिजे असलं तर चित्रांची सोडा आणि दुर्गा भागवतांचं 'सिद्धार्थ जातक' बघा, सात खंड आहेत, मराठीत एवढं सविस्तर दुसरं मी तरी पाहिलेलं नाही. हिंदीत भदन्त आनंद कौसल्यायन यांनी सगळी जातकं सहा खंडांत केलीत, प्रयागच्या हिंदी साहित्य संमेलनाची. जुन्या बाजारात सुटे खंड फिरत असतात पण अख्खा संच एका जागी मिळणं म्हणजे नशीब. एकूण ५४७ जातकं आहेत म्हणजे तुमचे तीन महिने सोडा, पुढची पाच सहा वर्षं निघतील.

हिंगोलीचा_मास्तर:
राजाभाऊ बरोबर बोलले, पण चित्रांची कामून सोडायची ते सांगितलं नाही, ते सांगतो. थोडं लांबंल, चहा घेऊन बसा.

मूळ जातकाचा एक ठरलेला साचा असतो. आधी 'वर्तमानकथा', म्हणजे बुद्ध जेतवनात नाहीतर वेळुवनात आहेत, भिक्षूंमध्ये काहीतरी घडलंय, कोणी भांडलंय, कोणी आळस केलाय, कोणाला काही जमत नाही. त्यावरून बुद्ध 'अतीतकथा' सांगतात, म्हणजे जी आपल्याला माहीत असती ती माकड मगरीची. मधी गाथा येती, तिचा अर्थ येतो, आणि शेवटी 'समोधान', म्हणजे त्या गोष्टीतला अमुक म्हणजे आताचा हा भिक्षू आणि तमुक म्हणजे मी. पोरांच्या पुस्तकात काय करतात, पुढचं कापतात, मागचं कापतात, गाथा तर कोणाला माहीतच नसती आणि मधला माकडाचा तुकडा तेवढा छापतात. ज्वारी विकून कडबा घरी आणल्यासारखं आहे हे. मग तुम्ही म्हणता बुद्धाचा संबंध कव्हरापुरता, राहणारच ना.

एक उदाहरण देतो. चुल्लकसेट्ठी जातक, चौथ्या नंबरचं. मधली गोष्ट सगळ्यांना माहीत आहे, एका गरीब पोराला रस्त्यात मेलेला उंदीर दिसतो, एक शेठ सहज बोलून जातो की हुशार माणूस या उंदरावर सुद्धा धंदा उभा करील. हा तो उचलतो, कोणाच्या तरी मांजरीसाठी विकतो, आलेल्या कवडीचा गूळ घेतो, फुलं तोडून दमलेल्या माळ्यांना गूळपाणी पाजतो, ते फुलं देतात, असं करत करत शेवटी त्या शेठचाच जावई. यूट्यूबवर हे 'बिझनेस मोटिव्हेशन' म्हणून फिरतंय आणि खाली लोक कमेंट करायलेत की बुद्धाने स्टार्टअप शिकवलं 🤦

आता हिची वर्तमानकथा बघा. चुल्लपंथक नावाचा भिक्षू, त्याला चार महिन्यांत एक गाथा पाठ होईना. नवी ओळ घेतली की जुनी गेली. सख्खा भाऊ महापंथक, तोही भिक्षूच, म्हणला तुझ्याच्यानं होणार नाही, जा घरी. हा रडत दारात उभा. बुद्ध त्याला पाठांतर देत नाहीत, एक स्वच्छ कापडाचा तुकडा हातात देतात आणि म्हणतात उन्हात बसून हा चोळत राहा, 'रजोहरणं रजोहरणं' म्हणत राहा. चोळता चोळता पांढरंशुभ्र फडकं हाताच्या घामानं काळं पडतं आणि त्याला अनित्यता कळती, जी पुस्तकातून कळली नव्हती. अर्हत, म्हणजे पूर्ण मुक्त, होतो तो. मग भिक्षू चर्चा करतात की याला असं कसं जमलं, तेव्हा बुद्ध म्हणतात यानं आधीही माझ्या शब्दावर थोडक्यात पुष्कळ कमावलं होतं, आणि मग उंदराची गोष्ट.

मी पस्तीस पोरांच्या वर्गात ही सांगतो. नापास होणारी पोरं फडक्यापाशी कान टवकारतात, उंदरापाशी हुशार पोरं. तर पुस्तक घेताना एकच कसोटी लावा, वर्तमानकथा ठेवलीय का. ठेवली असंल तर घ्या, नसंल तर परत ठेवा.

उस्मानाबादी_शेळी:
मास्तर तुमच्या वर्गात बसायला पाहिजे होतं, आमच्या मास्तरनी फडकं दिलं होतं पण फळा पुसायला 🙏

नागसेनवनी:
सगळं छान चाललंय, फक्त एक मूळ प्रश्न कोणी विचारंना. ज्या विहारात बाबासाहेबांचा ग्रंथ लावलाय तिथंच जातक वाचणार का? समोधानात 'तेव्हाचा हरीण म्हणजे मी' असं येतं, म्हणजे सरळसरळ पुनर्जन्म. बाबासाहेबांनी ग्रंथाच्या प्रस्तावनेतच जे चार प्रश्न उपस्थित केलेत त्यातला एक हाच आहे, आत्मा नाही म्हणता तर कर्म आणि पुनर्जन्म कसा. पुढं त्यांनी उत्तरही दिलंय, आत्म्याचा पुनर्जन्म नाही, शरीर ज्या महाभूतांचं बनलंय त्यांचं काय होतं एवढीच गोष्ट. बावीस प्रतिज्ञा घेतलेला समाज आपण. पोराला लहानपणीच मागच्या जन्मी हरीण होतास असं सांगितलं की उद्या तोच कोणा बाबाकडं मागचा जन्म विचारायला जाईल. मी स्वतः मिलिंद कॉलेजात शिकलेलो आहे, वाचलंय सगळं, तेव्हा न वाचता बोलतो म्हणू नका.

रद्दीतला_राजा:
सर, गोष्ट म्हणून वाचायला काय हरकत आहे? पंचतंत्र वाचताना सिंह खरंच बोलतो असं कोणी मानतं का?

नागसेनवनी:
पंचतंत्र विहारात लावत नाहीत राजाभाऊ. जागा बदलली की वाचनाचा अर्थ बदलतो.

हिंगोलीचा_मास्तर:
सरांच्या मुद्द्यात दम आहे. भर म्हणून एवढंच की त्रिपिटकात, खुद्दक निकायात, जातकाच्या फक्त गाथा आहेत. गोष्टींचं सगळं गद्य, वर्तमानकथा आणि समोधान धरून, अट्ठकथेतलं म्हणजे नंतरच्या भाष्यातलं आहे. आणि त्यातल्या कितीतरी गोष्टी त्या काळी लोकांत चालतच असणार, कासव आणि हंस, सिंहाचं कातडं पांघरलेलं गाढव, बगळा आणि खेकडा, ह्या पंचतंत्रातही आहेत आणि जातकातही. म्हणजे समोधानाला बुद्धवचन समजून शपथ घ्यायची गरज नाही, पण गोष्ट ज्या कामासाठी वापरली ते काम बघावं.

पीडीएफ_आहे_का:
दशरथ जातक काढू नका कोणी, त्यात राम-सीता भाऊबहीण आहेत, धागा बंद पडंल 😀

तगरवाला:
नागसेनवनी सर, तुम्ही मिलिंद कॉलेजचे म्हणून तुम्हालाच विचारतो. कॉलेजला नाव मिलिंद आणि परिसराला नागसेनवन, ते ज्या ग्रंथावरून आलं तो 'मिलिंदपञ्ह' विहारात का लावत नाहीत? तत्त्वज्ञान पाहिजे, गोष्ट पाहिजे, दोन्ही त्यात आहे आणि तुमच्या पुनर्जन्माच्या प्रश्नाला तर त्यात सरळ तोंड दिलंय.

मिलिंद म्हणजे ग्रीक राजा मिनँडर, वादात भल्याभल्यांना गप करणारा. नागसेन भेटतो आणि म्हणतो मला नागसेन म्हणतात खरं, पण नागसेन नावाचा आत कोणी पुरुष नाही. राजा म्हणतो मग चीवर कोण घालतं, ध्यान कोण करतं. नागसेन त्याला उलट विचारतो, महाराज पायी आलात का रथातून? रथातून. मग आस म्हणजे रथ का? चाक म्हणजे रथ का? जू म्हणजे रथ का? राजा प्रत्येकाला नाही म्हणतो आणि शेवटी स्वतःच सापडतो. हे पोरांना वाचून दाखवायचं नाही, करून दाखवायचं. रथ नको, विहाराबाहेर उभी असलेली मोटारसायकल घ्या. हँडल म्हणजे गाडी का, टाकी म्हणजे गाडी का. आमच्या ढोकीच्या एका कार्यक्रमात केलं होतं, पोरं खिदळत होती पण अनात्म, म्हणजे आत कायमचा कोणी आत्मा नाही, हे बरोबर पोचलं.

आणि पुढं राजा विचारतो की आत्मा जात नसंल तर पुनर्जन्म होतो कसा. नागसेन म्हणतो एका दिव्यानं दुसरा दिवा लावला तर पहिल्यातून दुसऱ्यात काय गेलं? किंवा लहानपणी गुरूकडून श्लोक शिकलात, तो गुरूच्या तोंडातून निघून तुमच्यात आला का? आता हे पटो न पटो, पण वाद कसा करायचा ते दिसतं. हिंदीत भिक्षू जगदीश काश्यप यांचा अनुवाद आहे, 'मिलिंद-प्रश्न', भाषा सोपी आहे.

नागसेनवनी:
मिलिंद प्रश्नाला माझा आक्षेप नाही, उलट पाठिंबा. मोटारसायकलची आयडिया चोरतो.

परभणीची_माय:
मी बऱ्याच उशिरा वाचायलेय, नातवानं धागा उघडून दिला. तुम्ही सगळे भाऊ लोक राजा, शेठ, भिक्षू यांच्याच गोष्टी सांगूलालात. ज्या बाया रोज न चुकता येऊन बसतात त्यांच्यासाठी काय? पोरं पळाली याची काळजी, बाया कुठं जात नाहीत म्हणून त्यांना काहीही चालतं का?

थेरीगाथा लावा. जुन्या भिक्षुणींनी स्वतःच्या तोंडानं सांगितलेलं आहे ते. मुत्ता थेरी म्हणती मी तीन वाकड्या गोष्टींतून सुटले, उखळ, मुसळ आणि वाकडा नवरा. हे आम्ही महिला मंडळात वाचलं तेव्हा हसून हसून डोळ्याला पाणी, आणि नंतर एकीच्या डोळ्यातलं पाणी थांबंना, ते वेगळं होतं.

पटाचाराची गोष्ट घ्या. नवरा साप चावून गेला, एक लेकरू ससाण्यानं नेलं, एक नदीत वाहून गेलं, माहेर गाठावं म्हणलं तर पावसात घर पडून मायबाप आणि भाऊ गेलेले. वेडी झाली, अंगावर कापड नाही, लोक ढेकळं मारायलेत. बुद्ध तिला एवढंच म्हणतात, ताई, भानावर ये. ही झाली गोष्ट, भाष्यात आहे. पण तिच्या स्वतःच्या गाथा ज्या आहेत त्यात दुःखाचं एक अक्षर नाही बरं का. ती सांगती की पाय धुतले, वरून पाणी खाली वाहत जाताना बघितलं आणि मन थिर झालं. मग दिवा घेऊन खोलीत गेले, सुईनं वात खाली ओढली, दिवा विझला तसं चित्त मोकळं झालं. माझा मोठा मुलगा गेला तेव्हा मला कोणीतरी लेकरू गेलेल्या किसागोतमीची मोहरीची गोष्ट सांगितली, सगळेच सांगतात, ज्या घरात कोणी मेलं नाही तिथून मोहरी आण. राग आला मला तिचा. पटाचारानं राग आला नाही.

आता तुम्हीच ठरवा गोष्ट कोणती आणि तत्त्वज्ञान कोणतं.

भोकरदनकर:
माय, थेरीगाथा पक्की. माझ्या डोक्यातच नव्हतं हे.

उस्मानाबादी_शेळी:
माय, तुम्ही लिहीत जा हो अजून.

किनवटकर:
मराठवाड्याचा धागा आणि बावरीचं नाव अजून कोणीच घेतलं नाही, कमाल आहे. नांदेडजवळ दाभडला बावरीनगर आहे, दर पौष पौर्णिमेला धम्म परिषद भरती, माणूस मावत नाही. त्यातल्या किती जणांना बावरी कोण ते माहीत आहे विचारा.

सुत्तनिपात या पाली ग्रंथात शेवटचा भाग आहे पारायणवग्ग. त्याच्या सुरुवातीला गोष्ट आहे. बावरी हा कोसलातून दक्षिणेत आलेला म्हातारा ब्राह्मण, गोदावरीच्या काठी अस्सकांच्या मुलखात राहायचा. यज्ञ करून सगळं दान करून बसला. त्यावर एक जण आला, पायाला धूळ, दात घाणेरडे, म्हणला पाचशे दे. हा म्हणला आता काही उरलं नाही. तो म्हणला नाही दिले तर सातव्या दिवशी तुझं डोकं फुटून सात तुकडे होतील. म्हातारा खाणंपिणं सोडून बसला. मग एक देवता सांगती की त्याला डोकं म्हणजे काय तेच माहीत नाही, बुद्धाला विचार.

बावरी सोळा शिष्य पाठवतो आणि वाट दिलीय ग्रंथात, पैठणपासून! पतिट्ठान, मग माहिष्मती, उज्जैन, विदिशा, कौशांबी, साकेत, श्रावस्ती, कपिलवस्तू, कुशिनारा, वैशाली असं करत मगधात जाऊन गाठतात. पैठण एसटी स्टँडवर उभ्या असलेल्या पोराला ही वाट नकाशावर काढायला लावा, भूगोल पण होईल. तिथं बुद्ध उत्तर देतात की अविद्या हे डोकं आहे आणि श्रद्धा, स्मृती, समाधी, इच्छा, वीर्य यांच्यासकट असलेली विद्या हे डोकं फोडणारी. म्हणजे शाप भानामती जादूटोणा सगळ्याचा एका वाक्यात निकाल. आमच्याकडं भानामतीच्या नावानं बायांना काय काय भोगावं लागलंय ते इथल्या लोकांना सांगायला नको, त्यामुळं ही गोष्ट वाचली की आमच्या भागात लोक पुढं सरकून बसतात. मग सोळा जणांचे एकेक प्रश्न येतात, अजित विचारतो जग कशानं झाकलंय, उत्तर अविद्येनं. छोटे छोटे संवाद आहेत, रोज एक.

सुत्तनिपाताचं मराठी धर्मानंद कोसंबींनीच करून ठेवलंय.

हिंगोलीचा_मास्तर:
किनवटकर वा! कोसंबींचं नाव निघालंच आहे तर त्यांचं 'भगवान बुद्ध' आणि 'बुद्धलीलासारसंग्रह' पण यादीत घाला. दुसरं जास्त गोष्टीवेल्हाळ आहे, पहिलं चिकित्सक. त्यांनीच दाखवलं की म्हातारा, आजारी, प्रेत आणि संन्यासी बघून सिद्धार्थानं घर सोडलं ही गोष्ट मुळात विपस्सी या आधीच्या बुद्धाच्या कथेतली आहे. खरं कारण त्यांनी शाक्य कोलियांच्या भांडणात शोधलं, आणि बाबासाहेबांनी ग्रंथात रोहिणी नदीच्या पाण्याचा तंटा घेतला तो धागा इथलाच. सुत्तनिपातात अत्तदंड सुत्त आहे, त्यात बुद्ध म्हणतात की कमी पाण्यात मासे तडफडावेत तशी माणसं एकमेकांशी भांडताना बघून मला भय वाटलं. जायकवाडीत पाणी सोडायचं का नाही यावर दरवर्षी कोर्टकचेरी बघणाऱ्या पोरांना हे समजावून सांगावं लागत नाही.

आणि त्यांचं आत्मचरित्र 'निवेदन', ते तर कादंबरीच्या वरताण. गोव्यातला शेतीवाडी बघणारा माणूस, 'बालबोधमेवा' मासिकात बुद्धाचं चरित्र वाचून वेडा झाला, १८९९ ला घर सोडलं, पुणे, ग्वाल्हेर, काशी, नेपाळ, तिथून सिलोनला जाऊन भिक्षू, पुढं ब्रह्मदेश. शाळा धड झालेली नाही आणि नंतर हार्वर्डला जाऊन विसुद्धिमग्ग या पाली ग्रंथाचं संपादन.

पीडीएफ_आहे_का:
मास्तर, याची तरी पीडीएफ आहे का? खरंच विचारतोय यावेळी.

रद्दीतला_राजा:
आहे रे बाबा. कोसंबी १९४७ ला गेले, साठ वर्षं होऊन गेली, कॉपीराइट संपला. अर्काइव्ह डॉट ऑर्गवर जुन्या प्रती स्कॅन केलेल्या मिळतात. पाली मूळ पाहिजे असंल तर इगतपुरीच्या विपश्यना संशोधन संस्थेनं सगळं तिपिटक देवनागरीत नेटवर फुकट ठेवलंय, अट्ठकथांसकट. बाबासाहेबांचा इंग्रजी ग्रंथ म्हणजे शासनानं काढलेल्या त्यांच्या लेखनाचा खंड अकरावा, शासकीय ग्रंथागारात स्वस्तात मिळतो, संपलेला नसंल तर. बाकीचं १४ जानेवारीला विद्यापीठ गेटवर नामविस्तार दिनाला या, रस्ताभर पुस्तकांचे स्टॉल असतात, तिथं लोक कपडे नाही घेत, पुस्तकं घेतात. पण घेताना उघडून बघा, मागं एका स्टॉलवरून घेतलेल्या थेरीगाथेत अर्धी पानं दुसऱ्याच पुस्तकाची निघाली.

लेणीवेडा:
तुम्ही सगळे कागदावरची पुस्तकं शोधायलेत आणि आपल्या मराठवाड्यात भिंतीवर पुस्तक रंगवून ठेवलंय त्याचं काय? भोकरदनहून अजिंठा किती लांब आहे हो दादा? तुमचं भोकरदन म्हणजे जुनं भोगवर्धन, तिथल्या माणसांनी दिलेल्या दानाचे लेख पार मध्य प्रदेशात सांची आणि भरहूतच्या स्तूपावर आहेत. भरहूतला तर जातकाची शिल्पं आणि खाली ब्राह्मीत जातकाचं नाव कोरलेलं. म्हणजे तुमच्या गावच्या माणसांनी गोष्टी कोरायला पैसे दिलेत, आणि आज तुम्ही नेटवर विचारताय गोष्टी कुठं मिळतील 😄

अजिंठ्यात १० नंबरचं लेणं बघा, सगळ्यात जुन्यापैकी, त्यात छद्दन्त, सहा सुळ्यांचा हत्ती. हत्ती स्वतः सुळे कापून देतो शिकाऱ्याला. १७ नंबरमध्ये तर जातकांचा बाजार भरलाय, महाकपी, हंस, रुरू, विश्वंतर, सिंहल. १ नंबरमध्ये महाजनक, शिबी, चांपेय. ती चित्रं डावीकडून उजवीकडं सरळ जात नाहीत, एका जागी महाल, शेजारी जंगल, जे जे महालात घडलं ते सगळं महालाच्या जागी, मग मधला काळ कितीही जावो. त्यामुळं बघणाऱ्याला गोष्ट आधी माहीत पाहिजे नाहीतर नुसते सुंदर चेहरे दिसतात. सांगणारा माणूस सोबत असणार हे धरूनच ती काढलीत असं मला वाटतं. आणि २ नंबरमध्ये क्षांतीवादीच्या चित्रापाशी आर्यशूराच्या जातकमालेतले संस्कृत श्लोक रंगात लिहिलेत. आर्यशूराची जातकमाला ३४ गोष्टींची आहे, पाली जातकांपेक्षा भाषा दरबारी, पण एक गोष्ट एका बैठकीची.

नागसेनवनी:
विश्वंतरावर बोलतो. पोरं आणि बायको दान करून टाकणारा बाप आदर्श म्हणून मी पोरांना सांगणार नाही. १७ नंबर लेण्यात कितीही सुंदर काढला असला तरी.

परभणीची_माय:
मी पण नाही सांगणार.

तगरवाला:
सर, गंमत म्हणजे हाच आक्षेप मिलिंद राजानं घेतलाय. लेकरं रडत असताना दिली, हे कसलं दान, असं तो नागसेनाला टोचून विचारतो. नागसेन बचाव करतो, मला तो पूर्ण पटत नाही हे प्रामाणिकपणे सांगतो, पण दोन हजार वर्षांपूर्वीच्या ग्रंथात हा प्रश्न विचारायची सोय होती हे मला जास्त महत्त्वाचं वाटतं. विश्वंतर लावायचा असंल तर दुसऱ्या दिवशी हा संवाद लावा आणि पोरांनाच न्याय करायला बसवा.

उस्मानाबादी_शेळी:
विषयाला सोडून एक विचारू का. आंधळे आणि हत्तीची गोष्ट बुद्धाची का चक्रधर स्वामींची? आमच्या घरी यावरून वाद झालाय, सोयरे महानुभाव आहेत.

हिंगोलीचा_मास्तर:
दोन्हीकडं आहे. उदान नावाच्या पाली ग्रंथात श्रावस्तीचा राजा गावातले आंधळे गोळा करतो आणि हत्ती दाखवतो, ते माझंच खरं म्हणून गुद्द्यावर येतात आणि राजा करमणूक करून घेतो. चक्रधरांच्या दृष्टांतपाठातही हत्तीचा दृष्टांत आहे. जैनांकडंही सांगतात. सोयऱ्यांशी यावरून भांडलात तर तुम्ही दोघंही त्या गोष्टीत जाऊन बसाल.

उस्मानाबादी_शेळी:
😂😂 स्क्रीनशॉट सोयऱ्यांना पाठवला.

नागसेनवनी:
मूळ प्रश्नावर येतो. भोकरदनकर, तुम्ही बाहेर शोधताय पण ग्रंथाचा दुसरा खंड उघडून बघा ना. धम्मदीक्षांचा. उपाली न्हावी, सुणीत भंगी, सोपाक, सुप्रबुद्ध महारोगी, अंगुलिमाल, स्त्रियांची दीक्षा, ओळीनं गोष्टीच आहेत. बाबासाहेबांनी आकडे टाकून छोटी छोटी वाक्यं केलीत ती वाचायच्या सोयीसाठी. आपण काय करतो, पहिल्या पानापासून एका सुरात सगळं वाचत जातो, रोज पानं ठरलेली, संपवायची घाई, मग पोरं पळणार नाही तर काय. सुणीताच्या गोष्टीत बुद्ध समोरून येताना दिसतात आणि हा भिंतीला चिकटून उभा राहतो, हात जोडून, कारण वाट सोडायला जागाच नाही. ही ओळ थांबून वाचली तर कोणतं पोर उठून जाईल? आपल्या आजोबांनी हेच केलेलं आहे रस्त्यात.

पुस्तकं घ्या, मी नाही म्हणत नाही. पण आधी वाचणारा तयार करा. आमच्या लहानपणी जलसेवाले यायचे, एक ढोलकी आणि दोन माणसं, त्यांच्या हातात पुस्तक नसायचं.

रद्दीतला_राजा:
सरांना मोटारसायकलपासून गोष्टींची गोडी लागलेली दिसतीय 😀

भोकरदनकर:
सगळ्यांचे आभार. मागचा आठवडा इथं फिरकलो नाही कारण तुमचंच सांगितलेलं करून बघत होतो. सोमवार ते शनिवार ग्रंथ, पण दुसरा खंड आधी घेतला, आणि रोज एकच प्रसंग, मग उरलेला वेळ प्रश्न. रविवारी बाहेरची गोष्ट. पहिल्या रविवारी चुल्लपंथक सांगितला, वाचला नाही. एका पोरानं विचारलं भावानं नंतर माफी मागितली का. दुसऱ्या रविवारी बावरी, त्यात गावातल्या दोन म्हाताऱ्यांचं भानामतीवरून जुनं भांडण वर आलं आणि पोरं ते ऐकायला थांबली, तेव्हा थांबली ती गोष्टीसाठी का भांडणासाठी हे सांगता येणार नाही.

समोधान वाचायचं का नाही यावर आमच्या कमिटीत एकमत झालं नाही. अध्यक्ष म्हणाले वाचायचं नाही. मी म्हणालो वाचायचं आणि खाली नागसेनाचा दिवा वाचायचा. सध्या वाचतोय, पुढं बघू.

पुढच्या महिन्यात पोरांना अजिंठ्याला न्यायचं ठरतंय, लेणीवेडा दादा तुम्ही सोबत येता का, १७ नंबर तुमच्याकडं. सोमवारी चालंल का, शाळेला त्या दिवशी सुट्टी आहे.

लेणीवेडा:
सोमवारी अजिंठा बंद असतं दादा, मंगळवारी वेरूळ. बुधवारनंतर कधीही सांगा. फर्दापूरच्या टी पॉइंटला गाडी लावून पुढं बसनं जावं लागतं, सकाळी लवकर या म्हणजे १७ नंबरमध्ये गर्दी नसती आणि उभं राहून सांगता येतं. फ्लॅश मारायचा नाही हे पोरांना घरूनच सांगून आणा.

परभणीची_माय:
बायांना पण न्या.

भोकरदनकर:
हो माय, दोन गाड्या करतो.

पीडीएफ_आहे_का:
सिद्धार्थ जातकाचा तिसरा खंड कोणाकडं जास्तीचा आहे का? बाकीचे जमलेत. विकतच पाहिजे, हसू नका.